चावी घेतली, कागद दिला नाही: निवडणुकीच्या तोंडावर पोलीस ठाण्यात लावलेल्या एका गाडीचं प्रकरण

गेल्या विधानसभा निवडणुकीत माझ्याकडे सल्ल्यासाठी आलेलं हे प्रकरण आहे. संबंधितांची ओळख पटू नये म्हणून तालुका, ठाणं, गाडीचा नंबर आणि माणसांची नावं काढली आहेत. गाडीमालकांना इथे काका म्हणते, गावातही सगळे तसंच म्हणतात.

पार्श्वभूमी

काकांनी एसटीत बरीच वर्षं ड्रायव्हरकी केली आणि निवृत्तीनंतर मिळालेल्या पैशांत कर्ज घालून सतरा सीटची टेम्पो ट्रॅव्हलर घेतली. पिवळी पाटी, टुरिस्ट परमिट. गाडी भाचा चालवतो. वर्षाची खरी कमाई दोन हंगामांत होते, एक वाऱ्या-यात्रांचा आणि दुसरा लग्नाचा. २०२४ साली हे दोन्ही एकमेकांना चिकटून आले. कार्तिकी एकादशी १२ नोव्हेंबरला होती, त्यानंतर तुळशीची लग्नं लागली आणि १७ तारखेला, रविवारी, लग्नाचा पहिला मुहूर्त. त्या दिवसाच्या वऱ्हाडाचा इसार काकांनी दिवाळीआधीच घेतला होता.

मतदान २० नोव्हेंबरला, बुधवारी होतं. लोकसभेला महाराष्ट्रात पाच टप्पे होते, त्यामुळे गाड्यांची गरज विभागली गेली होती. विधानसभेला २८८ जागा आणि एक लाखाहून जास्त मतदान केंद्रं एकाच दिवशी. मतदान पथकं, मशिनं, क्षेत्रीय अधिकारी, बाहेरून आलेलं पोलीस बळ, निमलष्करी तुकड्या, सगळ्यांना गाड्या त्याच आठवड्यात हव्या होत्या. ठाण्यावरचा ताण खोटा नव्हता, हे आधीच सांगते. पुढचं वाचताना कुणाला खलनायक शोधायचा असेल तर तो इथे सापडणार नाही.

काय घडलं

१३ नोव्हेंबरच्या रात्री साडेअकराच्या सुमारास भाचा पंढरपूरची माणसं गावी सोडून रिकामी गाडी घेऊन येत होता. शहराच्या वेशीवर नाकाबंदी होती. गाडीची झडती झाली, त्यात रोकड नाही, दारू नाही, पत्रकं नाहीत. आरसी, परमिट, फिटनेस, इन्शुरन्स, पीयूसी, लायसन सगळं दाखवलं, सगळं चालू होतं. हवालदार म्हणाले, "गाडी ठाण्यात लाव. इलेक्शनला लागणारे." भाच्याने गाडी आवारात लावली, चावी टेबलावर ठेवली आणि मित्राच्या मोटारसायकलवर बसून घरी आला. पंचनामा झाला नाही, पावती मिळाली नाही, कुठे सही घेतली नाही.

दुसऱ्या दिवशी काका ठाण्यात गेले. "वरून आदेश आहेत," एवढंच उत्तर मिळालं. आदेशाची प्रत मागितली तेव्हा "मिळंल नंतर". थोडा आवाज चढल्यावर एकाने "एकशे अठ्ठ्याऐंशी लावू का?" असं विचारलं. काका घाबरून परत आले. सरकारी आदेश मोडल्याचं ते कलम भारतीय दंड संहितेबरोबर १ जुलै २०२४ लाच मागे पडलंय, त्या जागी भारतीय न्याय संहितेचं २२३ आलंय, हे काकांना माहीत असायचं कारण नव्हतं. शिवाय कलम जुनं असो की नवं, त्याखाली संबंधित लोकसेवकाच्या लेखी तक्रारीशिवाय कोर्ट दखल घेत नाही, आणि मुळात मोडायला एखादा आदेश तर असावा लागतो.

१५ तारखेला पहाटे ६ वाजून ४२ मिनिटांनी काकांच्या मोबाईलवर फास्टॅगचा मेसेज आला. गाडी चाळीस-एक किलोमीटरवरच्या टोलनाक्यावरून गेली होती आणि पैसे काकांच्या खात्यातून कापले गेले होते. हा मेसेज नसता तर हे प्रकरण लिहिण्याजोगं झालंच नसतं.

तीन वेगळ्या गोष्टी, एकच शब्द

काका त्याच दुपारी माझ्या घरी आले ते "मॅडम, गाडी जप्त केलीय" म्हणत. आपल्याकडे पोलिसांनी गाडी लावून घेतली की ती जप्तच. कायद्यात मात्र तीन वेगळे दरवाजे आहेत.

पहिला जप्तीचा. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०६ खाली पोलीस मालमत्ता जप्त करू शकतात, पण ती चोरीची असल्याचा संशय हवा किंवा गुन्हा घडल्याचा संशय यावा अशी परिस्थिती हवी. जप्तीची खबर विनाविलंब मॅजिस्ट्रेटला द्यावी लागते. कलम १०५ प्रमाणे आता जप्तीचं ऑडिओ-व्हिडिओ चित्रीकरणही करावं लागतं. गाडीत मतदारांना वाटायचे पैसे सापडले तर हा दरवाजा उघडतो. रिकाम्या गाडीला तो बंद आहे.

दुसरा अटकावून ठेवण्याचा. मोटार वाहन कायद्याचं कलम २०७. लायसन नाही, नोंदणी नाही, परमिट नाही किंवा परमिटच्या मार्ग, क्षेत्र, वापर यांविषयीच्या अटी मोडल्या, तर गाडी थांबवून ठेवता येते. काकांचे कागद चोख होते.

तिसरा अधिग्रहणाचा, म्हणजे सरकारने कामापुरती गाडी ताब्यात घेण्याचा, आणि निवडणुकीत खरा वापर याचाच होतो. लोकप्रतिनिधित्व कायदा १९५१, कलम १६०. मतपेट्यांची ने-आण, बंदोबस्ताच्या पोलिसांची वाहतूक, निवडणूक कर्मचाऱ्यांची वाहतूक यांसाठी वाहन, जहाज किंवा जनावर अधिग्रहित करता येतं. जनावर हा शब्द अजून कायद्यात आहे, वेठीला धरलेल्या बैलगाड्यांच्या काळाची ती खूण. खासगी पांढऱ्या पाटीच्या गाडीलाही या कलमातून सूट नाही, हे अनेकांना ठाऊक नसतं. पण अधिकार आहे तो राज्य सरकारचा, आणि कलम १६६ प्रमाणे अधिसूचनेने ज्या अधिकाऱ्यांना तो सोपवला असेल त्यांचा. व्यवहारात आदेश जिल्हाधिकारी म्हणजेच जिल्हा निवडणूक अधिकारी किंवा त्यांच्या हाताखालचे महसूल अधिकारी काढतात. गाडी बंदोबस्तालाच हवी असली तरी ठाणेदार ती आपल्या अखत्यारीत घेऊ शकत नाही, त्याने मागणी करायची आणि आदेश महसूलकडून यायचा.

आदेश लेखी हवा, मालकाच्या किंवा ताबेदाराच्या नावाने हवा आणि रीतसर बजावलेला हवा. काम संपलं की अधिग्रहणही संपतं, त्यापुढे गाडी ठेवता येत नाही. कलम १६१ प्रमाणे त्या भागातल्या चालू भाड्याच्या आधारे मोबदला द्यावा लागतो आणि रक्कम मान्य नसेल तर ठरलेल्या मुदतीत लवादाकडे जाण्याची मागणी करता येते. दुसरी बाजूही सांगायला हवी. रीतसर आदेश आल्यावर मालकाने गाडी दिली नाही, तर कलम १६७ खाली एक वर्षापर्यंत कैद किंवा दंड किंवा दोन्ही होऊ शकतं. आणि कलम १६० संसद आणि विधिमंडळाच्या निवडणुकांपुरतं आहे. नगरपरिषद, जिल्हा परिषदेच्या निवडणुका राज्य निवडणूक आयोग घेतो, तिथे त्या त्या कायद्याचा आधार लागतो.

काकांच्या गाडीला यांतला एकही दरवाजा लागू नव्हता. मी त्यांना म्हटलं, "काका, गाडी जप्त नाही, अधिग्रहित नाही, अटकावलेली नाही. ती फक्त नेलीय."

समोर काय काय पर्याय होते

मुळात वेळच नव्हता. १५ तारखेला, शुक्रवारी, गुरुनानक जयंतीची सुट्टी. शनिवारी तालुक्याचं कोर्ट चालू, हायकोर्ट बंद. रविवारी लग्न. हायकोर्टातली रिट याचिका कागदावर उत्तम होती, पण आमच्या कामाची नव्हती. याचिका उभी राहीपर्यंत मतदान होऊन गेलं असतं.

शनिवारी मॅजिस्ट्रेटकडे नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५०३ खाली गाडी परत मिळण्याचा अर्ज करता आला असता. सर्वोच्च न्यायालयाने २००२ साली गुजरातच्या एका प्रकरणात सांगितलंय की जप्त वाहनं ठाण्यात कुजत ठेवू नका, फोटो काढा, पंचनामा करा, बंधपत्र घेऊन सोडा. पण हे सगळं जप्त गाडीला. इथे कोर्टाने पोलिसांचं म्हणणं मागवलं असतं, पोलिसांनी "आम्ही जप्तच केलेली नाही" असं लिहून दिलं असतं आणि सोमवार उजाडला असता. अर्ज टाइप करून ठेवला, वापरला नाही.

तिसरा पर्याय भाच्याने आणला आणि तो सगळ्यांत मोहाचा होता. कलम १६० च्या परंतुकात, म्हणजे त्यातल्या अपवादात, म्हटलंय की उमेदवार किंवा त्याचा प्रतिनिधी निवडणुकीच्या कामासाठी कायदेशीरपणे वापरत असलेली गाडी मतदान पूर्ण होईपर्यंत अधिग्रहित करता येत नाही. भाच्याच्या ओळखीचा एक कार्यकर्ता म्हणाला, "आमच्या यादीत टाकतो, काचेवर परवाना लावून देतो, कुणी हात लावणार नाही." काकांचे डोळे चमकले. मी नको म्हटलं. गाडी प्रचारात नाहीच, तर "कायदेशीर वापर" कुठला? शिवाय परवान्यावरच्या गाडीचं भाडं उमेदवाराच्या ४० लाखांच्या खर्चमर्यादेत धरलं जातं. खर्च निरीक्षकाने गाडी कुठे फिरली विचारलं असतं तर सांगायचं काय? वऱ्हाडाला गेली?

चौथा पर्याय गप्प बसून नंतर भाडं मागायचा. निम्मे गाडीमालक हेच करतात. पण कागद नसेल तर मागायचं कुणाकडे?

उरला एक. निवडणूक निर्णय अधिकाऱ्याकडे लेखी अर्ज करायचा आणि एकच विचारायचं: अधिग्रहण आदेशाची प्रत द्या, आदेश नसेल तर गाडी द्या. निवडणूक कार्यालय सुट्टीच्या दिवशीही उघडं असतं, हाही त्याचा फायदा.

काय केलं

अर्ज सव्वा पानाचा केला. आरोप एकही नाही, "अरेरावी", "बेकायदेशीर" असे शब्दही टाळले. तारीख, वेळ, ठिकाण, चावी कुठे ठेवली आणि फास्टॅग मेसेजचा स्क्रीनशॉट. १७ तारखेच्या इसाराची पावती जोडली. शेवटी लिहिलं की रीतसर आदेश मिळाल्यास अर्जदार १८ तारखेपासून गाडी निवडणूक कामाला द्यायला तयार आहेत. हे वाक्य काकांना पटत नव्हतं. "आपणहून कशाला द्यायची?" पण गाडी नाकारणाऱ्या मालकापेक्षा कागद मागणाऱ्या मालकाशी बोलणं अधिकाऱ्याला सोपं जातं, असा माझा अनुभव आहे.

संध्याकाळी पाचला तहसीलमध्ये अर्ज दिला, आवक शिक्क्याची पोच घेतली. जिल्हाधिकाऱ्यांना ईमेल, पोलीस अधीक्षकांना प्रत, निवडणूक निरीक्षकांच्या जाहीर नंबरवर फोटो.

तिथल्या निवडणुकीच्या वाहन कक्षातल्या कारकुनाने अधिग्रहित गाड्यांची यादी उघडली. तीन-चारशे गाड्या असतील. बोट खाली सरकवत नेलं, पान उलटलं, परत वर आला. "तुमची गाडी आमच्याकडं नाहीच की." मी म्हटलं, हेच लिहून द्या. तो हसला आणि नायब तहसीलदारांकडे बोट दाखवलं. ते तिसऱ्या रात्रीचं जागरण काढत होते. त्यांनी अर्जाच्या समासात हिरव्या शाईने एक ओळ लिहिली: "सदर वाहन अधिग्रहण यादीत आढळून येत नाही." प्रकरण खरं तर तिथेच संपलं होतं. पुढे जे झालं ती त्या एका ओळीची वसुली.

शनिवारी सकाळी अकराला वाहन कक्षाच्या नोडल अधिकाऱ्यांचा फोन आला. ठाण्याशी त्यांचं बोलणं झालं होतं आणि त्यांनी तोडगा सुचवला. १३ नोव्हेंबरच्या तारखेचा आदेश काढतो, म्हणजे तुम्हाला पहिल्या दिवसापासून भाडंही मिळेल. काका लगेच तयार झाले. त्यांच्या दृष्टीने बरोबरच होतं, पैसे मिळत होते.

मी दोन कारणांनी थांबवलं. एक, १३ पासून २१ पर्यंतचा आदेश म्हणजे रविवारचं लग्न गेलं. दोन, मागची तारीख टाकलेल्या कागदावर "आदेश मिळाला" म्हणून सही करणारे काका असणार होते. तीन दिवसांत त्या गाडीने काही केलं असेल, कुणाला धक्का दिला असेल, तर तो खोटा कागद कुणाच्या गळ्यात पडेल हे तेव्हा कुणालाच सांगता आलं नसतं. अपघाताचा मुद्दा इथे खरंच महत्त्वाचा आहे. हिमाचल प्रदेशात निवडणुकीसाठी घेतलेल्या मोटारीच्या अपघातात सर्वोच्च न्यायालयाने भरपाईची जबाबदारी मूळ मालकावर किंवा विमा कंपनीवर न टाकता राज्यावर टाकली, कारण त्या काळात गाडीवर ताबा आणि नियंत्रण राज्याचं होतं. पण तिथे अधिग्रहण झालेलं होतं. काकांच्या गाडीचं पहाटे काही बरंवाईट झालं असतं तर आधी हेच सिद्ध करत बसावं लागलं असतं की गाडी चालवत कोण होतं.

उलट प्रस्ताव दिला: गाडी आज सोडा, १८ च्या संध्याकाळपासून खऱ्या तारखेचा आदेश द्या. दुपारभर फोन चालले. संध्याकाळी सहाला काकांनी चावी घेतली. डॅशबोर्डचा फोटो काढला: १,४८,७०२. पंढरपूरच्या ट्रिप शीटवर भाच्याने लिहिलेलं शेवटचं रीडिंग होतं १,४८,३१६. म्हणजे "आवारात उभी" असलेली गाडी ३८६ किलोमीटर फिरली होती. डिझेलचा काटा तळाला.

निष्पत्ती

रविवारचं वऱ्हाड वेळेवर पोचलं. सोमवारी संध्याकाळी गाडी आदेशाप्रमाणे तहसीलच्या मैदानात लागली, १९ ला मतदान पथक घेऊन गेली, २० ला रात्री साहित्य जमा करून आली, २१ ला सुटली. या चार दिवसांचं भाडं फेब्रुवारीअखेर जमा झालं. दर बाजारापेक्षा कमी होता, पण लवादाच्या फेऱ्या मारण्याइतका फरक नव्हता.

आधीच्या तीन दिवसांचं काहीच मिळालं नाही. महसूलने सांगितलं, आमचा आदेश नाही. ठाण्याने सांगितलं, आमच्याकडे तरतूद नाही. माहितीच्या अधिकारात १३ तारखेची स्टेशन डायरीतली, म्हणजे ठाण्याच्या रोजच्या नोंदवहीतली, नोंद मागवली. ती जानेवारीत आली. त्यात लिहिलं होतं की सदर वाहन चालकाने बंदोबस्तकामी "स्वखुशीने" दिलं. भाच्याने तो शब्द दोनदा वाचला आणि कागद मला परत दिला. अधीक्षक कार्यालयात दोन खेटे घातल्यावर काकांनी नाद सोडला. तीन दिवसांच्या भाड्यासाठी तीन दिवसांचा धंदा बुडत होता.

वेगळं काय करता आलं असतं

भाच्याने नाक्यावर चावी द्यायला नको होती, असं म्हणणं सोपं आहे. रात्री साडेअकराला एकट्या पोराने नाकाबंदीवर कलमं सांगावीत अशी अपेक्षा मी ठेवणार नाही. पण गाडी लावल्यावर डॅशबोर्डचा आणि ठाण्याच्या आवारातल्या गाडीचा असे दोन फोटो आणि मालकाला एक व्हॉट्सअ‍ॅप मेसेज, "अमुक वाजता, अमुक साहेबांच्या सांगण्यावरून गाडी लावली," एवढं त्याला जमलं असतं. "स्वखुशीने"ला त्याच रात्रीचं उत्तर तयार राहिलं असतं. ट्रिप शीट भरलेली होती हा निव्वळ योगायोग, एरवी तो दुसऱ्या दिवशी भरतो.

काकांनी १४ तारखेचा अख्खा दिवस घालवला. ठाण्यातून थेट तहसीलला गेले असते तर यादीत गाडी नाही हे त्याच दुपारी कळलं असतं. कोर्टही त्या दिवशी चालू होतं.

आणि माझी चूक. मागच्या तारखेचा आदेश नाकारला ते आजही बरोबर वाटतं. पण मी मधला रस्ता सुचवलाच नाही. आदेशाची तारीख १६ किंवा १८ अशी खरीच ठेवायची आणि त्यात किंवा ताबा पावतीवर एक ओळ घालून घ्यायची: "वाहन दि. १३ ते १६ नोव्हेंबर या काळात प्रत्यक्ष शासकीय वापरात होते." यात खोटं काहीच नव्हतं, आणि मोबदला मागायला तीन दिवसांचा आधार मिळाला असता. शनिवारी संध्याकाळी सगळे मिटवायच्या मनःस्थितीत होते, तेव्हा ती ओळ मिळाली असती असं मला वाटतं. लग्न गाठायच्या घाईत ते सुचलं नाही. सुचलं ते "स्वखुशीने" वाचल्यावर.

नगरपरिषदेचं मतदान २ डिसेंबर २०२५ ला होतं. त्याच्या आधी काकांकडे कोतवाल आदेश घेऊन घरी आला. लेखी, नावाने, तारखेसकट. काकांनी चष्मा लावून तो वाचला आणि मला फोन केला. "मॅडम, हे एक्कावन सालचं कलम टाकलंय यांनी. ते आमदार-खासदारापुरतंच ना?" मी हो म्हटलं. गाडी त्यांनी दिली, धंदा मंदाच होता. पोचवर सही करताना खाली किलोमीटर लिहिले आणि कोतवालाचीही सही घेतली.